भाऊजींचं बोलावणं

“अरे, तुझा मेहुणा मला बोलावतोय.”

अण्णांचा फोन आला तेव्हा मी मशीनमध्ये अडकलेला कागद चिमट्याने ओढत होतो आणि समोर तीन गिऱ्हाईकं घड्याळ बघत उभी होती. अण्णा म्हणजे माझ्या ताईचे थोरले दीर. वय एक्क्याऐंशी, हृदयाचं दुखणं दोनदा काढलेलं. आणि ज्या मेहुण्याबद्दल ते बोलत होते ते आमचे भाऊजी, ताईचे यजमान. त्यांना जाऊन आठ महिने झाले होते.

“कोण बोलावतोय?” मी पुन्हा विचारलं.

“माझा धाकटा भाऊ, दुसरं कोण! फोटो आहे त्याचा. खाली लिहिलंय, ‘या, मी वाट पाहतोय!’ पुढे उद्गारचिन्ह. सकाळपासून ही तिसरी खेप. सूनबाई म्हणते, लक्ष देऊ नका. आता माझ्या वयाच्या माणसाने याच्याकडे लक्ष द्यायचं नाही, तर कशाकडे द्यायचं?”

“कशाला बोलावतायत ते लिहिलंय का काही?”

अण्णांनी चष्मा शोधला असावा. थोड्या वेळाने म्हणाले, “पाइप जोडायला.”

तेव्हा कुठे माझ्या डोक्यात उजेड पडला. गेमचं आमंत्रण होतं ते.

माझं झेरॉक्सचं दुकान आहे. दुकानात मशीन आहे, मशीनला बटणं आहेत, म्हणून जगातल्या बटणं असलेल्या सगळ्या वस्तू मला कळतात, असा आमच्या घराण्याचा ठाम समज आहे. मीही तो कधी खोडून काढला नाही. त्यात गेमच्या आमंत्रणांची मला मनापासून चीड. शाळेतले मित्र, बायकोच्या मैत्रिणी, एकदा तर आमचे दाताचे डॉक्टर, सगळ्यांना आपापल्या शेतावर आणि किल्ल्यावर मीच हवा असायचो. एक दिवस वैतागून मी सगळी आमंत्रणं मुळापासून बंद केली आणि त्या आनंदात एक पत्रकच काढलं. ‘नको असलेली आमंत्रणं कशी बंद करावीत’. सात पायऱ्या, ठळक अक्षरं, बाण काढलेले, आणि तळाला चौकटीत ‘दाबण्यापूर्वी वाचा’. कॉपी काढायला येणाऱ्या माणसाला मी ते फुकट देतो. नको म्हणाला तरी देतो.

अण्णांना मी त्यातल्याच पायऱ्या फोनवर सांगितल्या. “आमंत्रणाशेजारी तीन ठिपके दिसतायत? ते दाबा. आता खाली येईल, ‘यांच्याकडून आमंत्रणं नकोत’. ते दाबलं की झालं.”

पलीकडे अण्णा ती ओळ पुटपुटत दोनदा वाचताना ऐकू आले.

“अण्णा? दाबलंत का?”

“म्हणजे त्याला सांगायचं, मला बोलावू नकोस म्हणून?” अण्णा म्हणाले. “मला नाही रे दाबवत. तू तुझ्या बाजूने काय ते बघ.”

त्याच आठवड्यात आणखी दोन फोन आले. भाऊजींच्या पाणीपुरवठा खात्यातल्या निवृत्त व्हॉल्व्हमनने ते आमंत्रण पाहून मोबाइल दोन दिवस कपाटात कोंडून ठेवला होता. आणि परगावाहून भाचीचा फोन आला, “मामा, आई बाबांच्या फोनवर काहीतरी खेळते, त्यातून हे जातंय. लोक मला विचारतात. तू बंद कर, पण तिला दुखवू नकोस हं. तेवढा एकच वेळ ती बरी असते.”

भाऊजींनी कुणाला बोलावणं पाठवावं, हेच मुळी हसू येण्यासारखं होतं. ते पाणीपुरवठा खात्यात मीटर रीडर होते. एकतीस वर्षं. खांद्याला पिशवी, तिच्यात टॉर्च, मीटरची काच पुसायला एक फडकं आणि कुत्र्यांसाठी बिस्किटं. दारावर टकटक करायची, ‘मीटर’ एवढा एकच शब्द बोलायचा, जिन्याखाली वाकून आकडा टिपायचा आणि पुढच्या दाराकडे निघायचं. कुणी आत या म्हटलं तर मान हलवून नको म्हणायचे. स्वतःही कुणाला या म्हणायचे नाहीत. तुसडे मात्र मुळीच नव्हते. तुम्ही आपण होऊन गेलात तर चांगली खुर्ची पुढे करायचे, पंख्याचं तोंड तुमच्याकडे वळवायचे आणि समोर शांत बसून राहायचे. मी दुकान उघडलं त्या पहिल्या दिवशी दुपारपर्यंत कुत्रं फिरकलं नव्हतं. भाऊजी आले, शाळा सोडल्याचा दाखला पुढे केला आणि म्हणाले, “दहा कॉप्या.” निवृत्तीला आलेल्या माणसाला शाळेच्या दाखल्याच्या दहा कॉप्या कशाला लागतात, हे माझ्या फार उशिरा लक्षात आलं.

निवृत्त झाल्यावर भाचीने त्यांना मोबाइल घेऊन दिला आणि त्यावर त्यांचं खातं उघडलं. ओळखपत्रावरचा फोटो लावला. त्या खात्यावर त्यांनी आयुष्यात एक ओळ लिहिली नाही. एकच केलं. पाइप जोडायचा खेळ खेळले. वाकड्यातिकड्या पाइपचे तुकडे फिरवून टाकीतलं पाणी बागेतल्या कुंडीपर्यंत न्यायचं, आणि तेही ठरावीक चालींत. जन्मभर लोकांचे पाइप बघून या माणसाची हौस फिटली नव्हती म्हणायची.

रविवारी दुपारी मी ताईकडे गेलो. दार उघडंच होतं. खिडकीजवळच्या भाऊजींच्या खुर्चीत ताई बसली होती, मांडीवर उशी, उशीवर भाऊजींचा मोबाइल, चष्मा नाकाच्या टोकावर.

“ये रे छोट्या. थांब जरा, दोनच चाली राहिल्यात,” मान वर न करता ती म्हणाली.

मी सत्तावन्न वर्षांचा आहे. जिना चढून गुडघे बोलायला लागले होते. पण ताईच्या घरात मी छोट्या.

तिने दोन तुकडे फिरवले, पाणी खळखळत कुंडीत गेलं, फूल उमललं. लगेच पडद्यावर एक मोठं फाटक आलं आणि त्याखाली हिरवंगार बटण. ताईने सराईतपणे ते दाबलं. माझ्या डोळ्यांदेखत भाऊजींनी आणखी पाच जणांना बोलावलं.

“ताई, काय दाबलंस हे?”

“पुढे जायचं बटण. इतक्या वर आलं की दर दोन लेव्हलनंतर फाटक लागतं, मग हे दाबायचं.”

“ते पुढे जायचं नाहीये. त्यावर लिहिलंय बघ, ‘मित्रांना बोलवा’. पुढे जायचं असेल तर कोपऱ्यात ही बारीक फुली आहे. तू दाबतेस तेव्हा लोकांना आमंत्रण जातं.”

“कुणाकडून?”

“भाऊजींकडून. फोटोसकट.”

अण्णांनी सुनेकरवी मला त्या आमंत्रणाचा फोटो पाठवला होता. तो मी तिच्यापुढे धरला. ताईने चष्मा वर ढकलला आणि मोठ्याने वाचलं, “‘या, मी वाट पाहतोय!’” मग तिचा हात तोंडावर गेला. “अगं बाई! हे अण्णांना गेलं?”

“एका दिवसात तीनदा.”

तिचे खांदे हलायला लागले. मी घाबरलो. भाचीने दुखवू नकोस म्हणून सांगितलं होतं आणि मी पाच मिनिटांत बहिणीला रडवलं होतं. मी पाणी आणायला उठणार, तेवढ्यात कळलं की ती हसत होती.

“आयुष्यात कुणाला चहाला बोलावलं नाही रे या माणसाने!” ती कशीबशी म्हणाली. “आणि आता बघ!”

मी व्हॉल्व्हमनच्या कपाटाची गोष्ट सांगितली. मग तर आम्ही दोघंही पोट धरून हसलो. आठ महिन्यांत ताईला मी असं हसताना पाहिलं नव्हतं. चष्मा काढून तिने डोळे पुसले, पुन्हा घातला आणि मोबाइल उशीवरून उचलून हातात घट्ट धरला.

“पण छोट्या, तू खेळ नाही ना बंद करणार?”

“तू कधीपासून खेळायला लागलीस? तुला तर त्या टिंगटिंगीचा राग यायचा.”

“यायचाच. ते गेल्यावर पंधरा दिवसांनी फोन वाजला. बघते तर लिहिलेलं, ‘तुमची बाग सुकते आहे. परत या.’ दुसऱ्या दिवशी पुन्हा, ‘तुमची झाडं तुमची आठवण काढतात.’ रोज दुपारी चार वाजता. म्हटलं, बंद करून ठेवून द्यावा फोन. हात धजेना. मग म्हटलं, एकदा घालावं पाणी, म्हणजे गप्प तरी बसेल.” ती मोबाइलची काच बोटाने पुसत राहिली. “दोनशे अडुसष्टवर अडकले होते ते. शेवटचे सहा दिवस तीच एक लेव्हल. मला ती सोडवायला सव्वा महिना लागला.”

मग तिने मला नकाशा दाखवला. खालून वर जाणारी नागमोडी वाट, वाटेवर आकडे घातलेली वर्तुळं, आणि प्रत्येक वर्तुळाखाली त्या लेव्हलला मिळालेल्या चांदण्या. जितक्या कमी चालींत पाणी पोचेल तितक्या जास्त. एक, दोन, फार तर तीन.

“इथपर्यंत त्यांचं,” दोनशे सदुसष्टवर बोट ठेवून ताई म्हणाली. “इथून वर माझं. माझ्याकडे मी बघतसुद्धा नाही. रोज सकाळी यांच्या वाटेवरून खालपासून वरपर्यंत एक चक्कर मारते. ही एकतिसावी बघ. तीन. त्या दिवशी दाखवायला खुर्चीतून उठून स्वयंपाकघरात आले होते. एरवी उठायचे नाहीत. इथूनच बोटं वर करायचे, एक, दोन नाहीतर तीन. मी म्हणायची, ‘बरं.’ मान वर करून बघितलंही नाही रे मी कधी.”

अशा वेळी मी कामाला लागतो. “तू काळजी करू नकोस. खेळ राहील, बोलावणी तेवढी थांबतील. दे इकडे. आणि ताई, दाबण्यापूर्वी वाचत जा. मी लोकांना छापून वाटतो आणि माझ्याच घरात हा प्रकार.”

“बरं बाबा,” ताई म्हणाली आणि चहा टाकायला उठली.

मी भाऊजींचं खातं उघडलं, सेटिंगमध्ये गेलो. तिथे त्या खेळाची आमंत्रणं बंद करायची वेगळी खूण होती, सूचना बंद करायची वेगळी, मित्रांना कळवू नये यासाठी तिसरी. एकेक करत गेलो असतो तर पाच मिनिटांचं काम होतं. पण माझा स्वभाव मुळावर घाव घालायचा. सगळ्यात वर एकच ओळ होती, ‘गेम व ॲप जोडणी: चालू’. ती बंद केली की सगळंच गप्प. मी दाबलं. एक चौकट आली, बारीक अक्षरांत सहा-सात ओळी, आणि खाली ठसठशीत निळं ‘बंद करा’. मी तेही दाबलं.

“झालं गं तुझं काम,” मी आत ओरडून सांगितलं. “आता अण्णा निर्धास्त.”

ताई चहा उकळत ठेवून आली. उशी मांडीवर घेतली, खेळ उघडला. ‘नमस्कार, पाहुणे! चला, पहिली बाग लावू या,’ असं पडद्यावर आलं. एक रिकामी कुंडी, एक टाकी, तीन पाइप. तिने बोटाने नकाशा वर सरकवला, मग खाली, मग पुन्हा वर. सगळी वर्तुळं करडी होती आणि त्यांवर कुलपं होती.

“छोट्या, यांचं कुठे गेलं?”

पुढचा दीड तास मी जे जे येतं ते सगळं केलं. जोडणी परत चालू केली, फोन बंद करून उघडला, खेळ काढून पुन्हा घातला. शेवटी मदतीच्या पानावर त्याच सहा-सात ओळी सापडल्या. जोडणी बंद केल्यास खेळातील आपली सर्व प्रगती कायमची पुसली जाईल, असं त्यांत स्वच्छ लिहिलं होतं. मी त्या ओळी तीनदा वाचल्या. जगाला वाचायला लावणारा मी, आणि माझ्या बहिणीचं जे काही उरलं होतं ते मी न वाचता पुसलं होतं.

“परत नाही येणार, ताई.”

“सगळं गेलं?”

“सगळं.”

“त्यांचंसुद्धा?”

मी नुसती मान हलवली. ती उठून आत गेली. नळ सोडल्याचा आवाज आला. मघाचा चहा आटून गेला होता, ते पातेलं ती घासत होती. घासून झाल्यावरही नळ बराच वेळ चालू होता. मी भाऊजींच्या खुर्चीसमोर बसून होतो आणि मला त्या खुर्चीकडे बघवत नव्हतं. मेलेल्या माणसाची माफी कशी मागतात ते मला ठाऊक नाही. ठाऊक असतं तर तिथल्या तिथे मागितली असती.

तेवढ्यात अण्णांचा फोन आला. “दुपारपासून काही आलं नाही रे. बंद केलंस का?”

“हो, अण्णा. आता नाही येणार.”

“बरं केलंस.” मग म्हणाले, “कधीच नाही का?”

“नाही.”

“बरं,” ते म्हणाले. “तसा काही फार त्रास नव्हता.”

ताई नव्याने चहा करून घेऊन आली. डोळे लाल होते, पण कप नेहमीसारखा बशीत नीट ठेवलेला, बशीत थेंब सांडलेला नाही.

“ताई, माझं चुकलं. मी वाचलंच नाही.”

“आठ महिने मी तरी कुठे वाचत होते?” ती म्हणाली. “मुद्दाम केलंयस का तू? मग झालं तर. पी, गार होईल.”

मला ती चिडली असती तर बरं वाटलं असतं. लहानपणी मी तिची शाई सांडायचो तेव्हा ती सरळ पाठीत धपाटा घालायची, हिशेब तिथेच मिटायचा. आता तिने माझ्याकडे बिस्किटांचा डबा सरकवला आणि मोबाइल उचलला.

“या पाहुण्याच्या नावाने खेळलं तर कुणाला बोलावणं नाही ना जाणार?”

“नाही.” या वेळी मी प्रत्येक ओळ वाचून खात्री केली, तिलाही वाचून दाखवली. “कुणालाच नाही जाणार.”

“मग ठीक आहे.”

तिने पहिली लेव्हल उघडली. तीन पाइप, फिरवायला काहीच नाही. तीन चांदण्या. दुसरीलाही तीन. तिसरीला का कोण जाणे दोनच मिळाल्या, चौथी आणि पाचवी मात्र झटक्यात झाली. दोनशे अडुसष्ट सोडवलेल्या बाईला या पायऱ्या म्हणजे पोरखेळ होता. मी चहा पीत तिच्या खांद्यावरून बघत होतो. सहावीला मलासुद्धा लगेच दिसलं की मधला वाकडा तुकडा एकदा वळवला की पाणी सरळ कुंडीत जातंय. ताई मात्र कोपऱ्यातला भलताच तुकडा फिरवत होती. एकदा, दोनदा, तिसऱ्यांदा. तो तुकडा पाण्याच्या वाटेवरसुद्धा नव्हता. मला वाटलं, डोळे भरले असतील, दिसत नसेल तिला.

“ताई, तो नको. मधला वळव ना, समोर तर आहे.”

“दिसतंय मला.”

“मग चाली कशाला वाया घालवतेस?”

“सहावीला त्यांची एकच होती,” ती म्हणाली.

कोपऱ्यातला तुकडा तिने ओठांत मोजत आणखी चार वेळा फिरवला. शेवटची एकच चाल उरली, तेव्हा मधला पाइप वळवला. पाणी कुंडीत गेलं. एक चांदणी पेटली, दोन तशाच करड्या राहिल्या.

“नवीन होते ना तेव्हा,” ती म्हणाली, “नीट समजलं नव्हतं त्यांना. तिसरीलाही दोनच होत्या. चौथी आणि पाचवी चांगली गेली होती.”

मी विचारलं, “दोनशे सदुसष्टपर्यंत आठवतंय तुला?”

“शंभरापर्यंत पक्कं आहे. पुढचं पुढे बघू.”

पडद्यावर काहीतरी जाहिरात आली. ताईने ती पहिल्या अक्षरापासून शेवटच्या अक्षरापर्यंत वाचली, कोपऱ्यातली बारीक फुली दाबली आणि सातवी उघडली. मग कुठल्याच पाइपला हात न लावता, चष्म्याआड डोळे मिटून, ती थोडा वेळ नुसती आठवत बसली.